नानांचा बॉल तिळाएवढा का झाला?

श्रीरामपूरला अब्बांकडे गेलो की मी आधी त्यांच्या खोलीत डोकावतो. ईदनंतरच्या एका रविवारी नगरहून राहुरीमार्गे एसटीने पोहोचलो, तेव्हा असरची नमाज होऊन गेली होती. खोलीत अब्बा पलंगावर एकटेच बसले होते, हातात तसबीह. बाहेरच्या खोलीत माझा भाचा लॅपटॉपसमोर, तोही एकटाच.

तुम्हाला यात काही खटकणार नाही, मला खटकलं. असर ते मगरिब हा वेळ गेली सात-आठ वर्षं नाना-नातवाचा ठरलेला. त्या वेळेत घरात कुणी पाहुणा आला तरी त्याला आधी स्कोअर ऐकावा लागायचा. कारण दोघं कॉम्प्युटरवर क्रिकेट खेळायचे. नातवाची बॅटिंग, नानांची बॉलिंग. आणि अब्बांचा हट्ट असा की बॉल टाकणार तो झहीरच. श्रीरामपूरकराचा हा हट्ट कुणाला सांगावा लागत नाही. ७ ऑक्टोबर १९७८ ला याच गावात जन्मलेला, इथल्याच शाळेत शिकलेला मुलगा पुढे ९२ कसोटी सामन्यांत ३११ बळी घेतो, २०११ चा वर्ल्ड कप जिंकून देताना २१ बळी घेतो. त्याच्या गावातला म्हातारा दुसऱ्या कुणाच्या हातात नवा बॉल देईल कशाला?

खेळ तसा जुनाच. इलेक्ट्रॉनिक आर्ट्स कंपनीचा ‘क्रिकेट ०७’ हा खेळ २००६ च्या शेवटी आला आणि आपल्याकडच्या एका पिढीचं बालपण त्याच्यावर गेलं. कंपनीकडे भारतीय संघाचा परवाना नव्हता, म्हणून खेळाडूंची नावं वेडीवाकडी होती. चाहत्यांनी मग नावं, कपडे, संघ दुरुस्त करणाऱ्या फाइली बनवल्या आणि त्या हातोहात फिरल्या. आमच्या घरचा झहीर असाच पेनड्राइव्हमधून आलेला.

मग गेल्या पावसाळ्यात विजेचा दाब वरखाली झाला आणि जुना कॉम्प्युटर गेला. दरम्यान भाचा इंजिनिअरिंगला लागला होता. आपाने भिशीच्या पैशातून त्याला अ‍ॅपलचा मॅकबुक एअर घेऊन दिला, एम-वन चिपचा, सेकंडहँड. पोराने मोठ्या उमेदीने त्याच्यावर जुना खेळ चढवला, नानांना हाताला धरून आणून बसवलं. नानांनी चष्मा पुसला, पुढे वाकले, मागे सरकले आणि विचारलं, “बेटा, हा बॉल आहे का तीळ?”

पहिल्या दिवशी सगळे हसले. दोन-चार दिवसांनी अब्बा म्हणायला लागले, “तू खेळ, मला जरा पडायचंय.” मग त्यांना बोलावणंच बंद झालं.

घरात प्रत्येकाने याचा आपापला अर्थ लावला. आपाला वाटलं, अब्बांची नजर गेली. एका डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, दुसऱ्याचं राहिलंय, तेच वाढलं असणार. भाच्याला वाटलं, नाना कंटाळले. अब्बांना काय वाटलं ते त्यांनी कुणाला सांगितलं नाही. मी नगरला कॉम्प्युटरचे वर्ग घेतो, एमएस-सीआयटी शिकवतो, म्हणून मला निदान एक गोष्ट सुचली. आपाच्या शिलाई मशीनच्या खणातून टेप काढला आणि पडद्यावरचं चित्र मोजलं.

रुंदी साडेतीन इंचांहूनही थोडी कमी. उंची अडीच इंचांच्या जरा वर.

माळ्यावर जुना पंधरा इंची मॉनिटर धूळ खात पडला होता. तोही मोजला. बारा बाय नऊ इंच. म्हणजे जे चित्र अब्बा इतकी वर्षं पाहत होते, ते क्षेत्रफळात बारा पटीने आक्रसलं होतं. त्यात अब्बांच्या डोळ्याचा काही दोष नव्हता. मी स्वतः चष्मा लावून बघितलं, मलाही बॉल दिसला नाही.

ठिपके तेवढेच, पडदा दाट

हे असं का होतं, ते समजून घेतलं तर पुढचं सगळं सोपं जातं. कॉम्प्युटरचं चित्र ठिपक्यांचं बनलेलं असतं. हातमागावरच्या नक्षीसारखं समजा: नक्षी अमुक इतक्या धाग्यांची ठरलेली, मग कापड जाडंभरडं असेल तर तीच नक्षी हातभर होते आणि मलमलवर विणली तर तळहाताएवढी. जुने खेळ ६४०×४८०, ८००×६०० किंवा १०२४×७६८ ठिपक्यांच्या नक्षीचे. त्या काळचे मॉनिटर जाड्याभरड्या कापडाचे. एका इंचात साधारण ८५ ते ९६ ठिपके. अ‍ॅपलने २०१२ पासून लॅपटॉपला जो ‘रेटिना’ पडदा लावायला सुरुवात केली, तो मलमल आहे. भाच्याच्या मॅकबुक एअरचा पडदा २५६०×१६०० ठिपक्यांचा, इंचाला २२७ ठिपके.

आता एवढ्या दाट पडद्यावर प्रत्येक ठिपक्याला ठिपका लावत बसलं तर सगळीच अक्षरं मुंग्यांसारखी दिसतील. म्हणून मॅक एक हिशेब करतो. त्या लॅपटॉपवर तो सगळ्या प्रोग्रामना सांगतो की पडदा १४४०×९०० चाच आहे असं समजा, आणि मग प्रत्येक काल्पनिक ठिपक्याच्या जागी रुंदीत दोन, उंचीत दोन असे चार बारीक ठिपके भरून चित्र गुळगुळीत करतो. हा हिशेब पाळला तर १०२४ रुंदीचा खेळ त्या पडद्यावर आठ इंच रुंद दिसायला हवा. बारा नाही, पण आठ. मग साडेतीनच का?

उत्तर भाच्यानेच दिलं, जरा ओशाळून. त्याने कुठल्याशा व्हिडिओत पाहिलं होतं की ‘रेटिना मोड’ चालू केला की चित्र एकदम धारदार होतं. त्याने तो चालू केला. तो चालू केला की खेळाला मॅकचा काल्पनिक पडदा न दिसता खरे बारीक ठिपके दिसायला लागतात. खेळ बिचारा जुना, तो आपले १०२४ ठिपके घेऊन कोपऱ्यात बसतो. आठ इंचांचे थेट चार इंच झाले. चित्र लहान झालं म्हणून पोराने मॅकच्या सेटिंगमध्ये जाऊन डिस्प्लेमध्ये ‘मोअर स्पेस’ निवडलं. त्याला वाटलं, जागा वाढली की चित्रही वाढेल. जागा वाढते ती वस्तू लहान करूनच. १४४० चे १६८० झाले आणि चार इंचांचे साडेतीन.

याला मी पोराची चूक म्हणणार नाही. ‘जास्त आकडा म्हणजे जास्त चांगलं’ हे आपल्याला मोबाइलच्या दुकानात शिकवलेलं असतं. कॅमेऱ्याचे मेगापिक्सल जास्त हवेत, जीबी जास्त हवेत. म्हाताऱ्या डोळ्यांसाठी बहुतेक वेळा याच्या उलट जावं लागतं.

आपाने ऐकलं, ‘वाइन’

इथे एक मजा सांगायला हवी. विंडोजसाठी बनलेला खेळ मॅकवर तसाच्या तसा चालत नाही. पूर्वीच्या इंटेल चिपच्या मॅकवर ‘बूट कॅम्प’ने अख्खी विंडोज टाकता यायची, ती सोय २००६ ला आली आणि २०२० च्या शेवटी अ‍ॅपलने स्वतःच्या चिपचे मॅक काढले तेव्हापासून नव्या मशीनवर राहिली नाही. आता खेळ आणि मॅक यांच्यामध्ये एक दुभाषी बसवावा लागतो. खेळ विंडोजच्या भाषेत काही मागतो, दुभाषी ते मॅकच्या भाषेत मागून आणतो. असा दुभाषी जगभरचे प्रोग्रामर १९९३ पासून फुकट, सर्वांसाठी खुला ठेवून बनवत आले आहेत. काम फार मोलाचं. नाव मात्र ठेवलं ‘वाइन’.

भाचा मला हे सांगत होता, “मामू, मी आधी वाइन टाकली, ती चालली नाही, मग व्हिस्की पण टाकून बघितली...” स्वयंपाकघरात पोळ्या लाटणाऱ्या आपाचं लाटणं थांबल्याचं मला इथपर्यंत ऐकू आलं.

गंमत अशी की तो अक्षरशः खरं बोलत होता. ‘वाइन’ हे ‘वाइन इज नॉट अ‍ॅन इम्युलेटर’ या वाक्याच्या आद्याक्षरांचं नाव, आणि तिचं चिन्ह म्हणजे लाल पेला. तीच मॅकवर सोप्या रीतीने वापरता यावी म्हणून एक मोफत अ‍ॅप निघालं, त्याचं नाव ‘व्हिस्की’. त्याचं काम २०२५ मध्ये त्याच्या कर्त्याने थांबवलं. ‘क्रॉसओव्हर’ नावाचं विकत मिळणारं अ‍ॅप आहे, कोडवीव्हर्स या अमेरिकन कंपनीचं. त्यात प्रत्येक खेळासाठी वेगळी जागा करतात, तिला ‘बॉटल’ म्हणतात. मॅकवर असे प्रोग्राम चढवायच्या एका साधनाचं नाव ‘होमब्रू’, म्हणजे घरी गाळलेली, आणि त्यातून येणाऱ्या अ‍ॅपला ‘कास्क’, म्हणजे पिंप. या मंडळींना दुसरी उपमाच सुचली नाही की काय, कोण जाणे. आपल्या घरातल्या मुलाच्या तोंडून हे शब्द ऐकले तर घाबरू नका, पडदा बघा. (तरीही आपा बाहेर येऊन पडदा बघून गेलीच.)

विनोद बाजूला ठेवला तर ‘बॉटल’ ही कल्पना फार कामाची आहे. प्रत्येक बाटलीत विंडोजची एक छोटी नक्कल असते, तिची स्वतःची सी ड्राइव्ह, स्वतःची सेटिंग. एका बाटलीत केलेला बदल दुसरीत जात नाही. म्हणून आम्ही ठरवलं की भाच्याच्या खेळांची बाटली वेगळी आणि क्रिकेटची वेगळी. त्याने तिला नाव दिलं ‘नाना’. “माझ्या अब्बांच्या नावाची बाटली?” आपा पुन्हा दारात.

कुठला आकडा कशाचा

सेटिंग बदलताना गोंधळ होतो तो यामुळे की आकार ठरवणारी माणसं एक नाही, तीन आहेत. मॅक स्वतः, मधला दुभाषी आणि खेळ. तिघांकडेही आपापला आकडा असतो. एकाच वेळी तिन्ही फिरवले तर काय केल्याने काय झालं ते कळत नाही. माझ्या वर्गातली पोरं हमखास हेच करतात. आम्ही वहीचं एक पान घेतलं, आधी जे होतं ते लिहून ठेवलं आणि एकेक बदल करत गेलो.

आधी मॅक. सिस्टिम सेटिंगमध्ये डिस्प्लेत पडद्याची चार-पाच मापं मिळतात. एका टोकाला ‘लार्जर टेक्स्ट’, दुसऱ्या टोकाला ‘मोअर स्पेस’. आम्ही ‘मोअर स्पेस’वरून मूळ १४४०×९०० वर आलो. भाच्याने विचारलं, सरळ मोठ्या अक्षरांच्या टोकालाच का जायचं नाही? बरोबर प्रश्न. एअरवर ते टोक १०२४×६४० चं आहे. खेळाची उंची ७६८, पडद्याची ६४०. खालचा भाग पडद्याबाहेर जातो, आणि क्रिकेटमध्ये स्कोअर खालीच असतो. त्याच्या अलीकडचं माप १२८०×८००; त्यात ७६८ मावेल असं वाटतं, पण वर मॅकची पट्टी आणि खिडकीची मथळ्याची पट्टी यांचीही उंची धरली की थोडक्यात हुकतं. खिडकी अर्धी कापलेली दिसते किंवा खालचं बटण सापडतच नाही, त्याचं कारण बहुधा एवढंच असतं.

मग दुभाषी. क्रॉसओव्हरमध्ये बाटलीच्या सेटिंगमध्ये ‘हाय रिझोल्यूशन मोड’ असं बटण असतं. साध्या वाइनमध्ये तेच काम रजिस्ट्रीतल्या ‘मॅक ड्रायव्हर’ या नोंदीखाली ‘रेटिनामोड’ला वाय किंवा एन लिहून होतं. आम्ही तो मोड बंद केला. पडद्यावर खिडकी डोळ्यांदेखत वाढली, टेप लावला तर बरोबर आठ इंच. चित्राची धार जरा बोथट झाली, कडा मऊ दिसायला लागल्या. भाच्याने नाक मुरडलं. मी म्हटलं, ही बाटली कुणाच्या नावाची आहे ते बघ.

इथेच आणखी एक आकडा दिसतो, डीपीआय. तो ९६ असतो, १२० किंवा १४४ करता येतो, आणि रेटिना मोड चालूच ठेवायचा असेल तर दुप्पट, म्हणजे १९२ करावा लागतो. पण त्याचा असर विंडोजच्या स्वतःच्या पाट्यांवर होतो: खेळ बसवतानाची खिडकी, मेनू, ‘ओके-कॅन्सल’ची अक्षरं. खेळ एकदा सुरू झाला की तो आपलं चित्र आपण काढतो, त्याला या आकड्याशी देणंघेणं नसतं. भाच्याने हा आकडा आठवडाभर फिरवला होता आणि बॉल काही वाढेना म्हणून वैतागला होता.

तिसरा, खेळ. यात जुन्या खेळांचे दोन स्वभाव आहेत. भाचा एक दुसरा खेळ खेळतो, १९९९ चा ‘एज ऑफ एम्पायर्स २’. सलाहुद्दीन अय्युबीची मोहीम त्यात आहे म्हणून त्याला विशेष प्रिय. तो सपाट चित्रांचा खेळ. घोडेस्वाराचं चित्र ठरावीक ठिपक्यांचंच असतं. तुम्ही ८००×६०० चे १२८०×१०२४ केले तर मैदान जास्त दिसतं, पण पूर्ण पडद्यावर घोडेस्वार लहान होतो. लढाईला ते सोयीचं, नजरेला नाही. क्रिकेटचा खेळ त्रिमितीचा. तिथे आकडा वाढवला तर खेळाडू तेवढाच राहतो, फक्त जास्त रेखीव होतो. म्हणजे पहिल्या जातीच्या खेळात पूर्ण पडदा घेऊन आकडा कमी करा, सगळं मोठं होतं. दुसऱ्या जातीत आकड्याने आकार बदलत नाही, फक्त मशीनवरचा भार बदलतो. नवे जड खेळ २५६०×१६०० वर चालवायचा मोह होतो, पण ते ठिपके १०२४×७६८ च्या पाचपटीहून जास्त आहेत आणि एम-वन एअरमध्ये पंखाच नाही. मांडी भाजते तेव्हा कळतं.

खिडकीऐवजी पूर्ण पडदा केला तेव्हा नवी भानगड. जुना खेळ चार-तीन प्रमाणाचा, मॅकचा पडदा सोळा-दहाचा. चित्र पूर्ण ताणलं तर ते रुंदीला वीस टक्के फुगतं. बॉल अंड्यासारखा आणि अंपायर दसपट जेवलेला. प्रमाण राखलं तर दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतात. काळ्या पट्ट्या बऱ्या. पट्ट्यांसकट चित्र साधारण साडेनऊ इंच बाय सात इंच झालं. साडेतीनवरून साडेनऊ. (ज्यांच्याकडे नवे, वर कॅमेऱ्याची खाच असलेले मॅकबुक आहेत त्यांना पूर्ण पडद्यावर वरचा भाग खाचेत गेलेला दिसेल, त्या अ‍ॅपच्या ‘गेट इन्फो’मध्ये कॅमेऱ्याखाली बसवण्याची खूण असते, ती करावी.)

एखादा हट्टी खेळ पूर्ण पडद्याला गेला की बाहेरच यायला नको म्हणतो किंवा माऊसचा बाण एकीकडे आणि क्लिक दुसरीकडे. त्याला वाइनच्या ‘वाइनसीएफजी’ या सेटिंगमध्ये ग्राफिक्सखाली ‘व्हर्च्युअल डेस्कटॉप’ची खूण करून माप लिहून द्यावं. खेळ मग त्या चौकटीत कोंडला जातो. आम्हाला गरज पडली नाही.

आणि हे सगळं ज्यांना जमणार नाही त्यांच्यासाठी मॅकमध्ये एक साधी सोय आहे, जी मला वाटतं प्रत्येक घरात चालू करून ठेवावी. सेटिंगमध्ये अ‍ॅक्सेसिबिलिटी, त्यात झूम, आणि त्यातली स्क्रोलची खूण चालू करा. मग कंट्रोलची कळ दाबून दोन बोटं ट्रॅकपॅडवर वर सरकवली की अख्खा पडदा भिंग लावल्यासारखा मोठा होतो. वर्तमानपत्र, बँकेचं पान, आधारची पावती, काहीही. खेळाच्या ऐन भरात नाही जमत, पण बाकी सगळ्याला जमतं.

चार फूट

साडेनऊ इंच झालं म्हणून मी खूश होऊन अब्बांना घेऊन आलो. अब्बा बसले. बॉल दिसला. दोन ओव्हर टाकल्या, एक विकेटही काढली. मग चष्मा काढून डोळे चोळायला लागले.

आता काय, म्हणून मी विचारलं. ते म्हणाले, “दिसतं रे, पण डोकं दुखतं.”

मी आकाराच्या नादात अंतर विसरलो होतो. लॅपटॉप मांडीजवळ, दीड-दोन फुटांवर. जुना मॉनिटर टेबलावर, त्याच्याही मागे. मोतीबिंदू काढल्यावर डोळ्यात जी साधी भिंग बसवतात ती बहुतेकांना लांबचं स्वच्छ दिसावं अशा मापाची असते. जवळचं बघायला वाचायचा चष्मा लागतो. अब्बांचा चष्मा पुस्तकाच्या अंतराचा, पडदा त्याच्याहून लांब, आणि दोघांनी खांद्याला खांदा लावून एका छोट्या पडद्यात बघायचं म्हणजे कुणीच समोर नाही, दोघंही तिरपे. त्यांना चष्म्याशिवाय जे स्वच्छ दिसतं ते चार-पाच फुटांच्या पुढे. भिंतीवरचं कॅलेंडर ते अजून पलंगावरून वाचतात, हे आपाच्या लक्षात आलं, माझ्या नाही.

भिंतीवर टीव्ही होताच, बत्तीस इंची. मॅकबुक एअरला एचडीएमआयचं भोक नसतं, मधे एक अ‍ॅडॉप्टर लागतो. तो मेनरोडवरच्या दुकानातून भाचा सायकलवर जाऊन घेऊन आला. तार जोडली. मॅकने टीव्हीला आपला दुसरा पडदा मानलं. डिस्प्लेत ‘मिरर’ केलं, माप १२८०×७२० निवडलं. टीव्हीचे ठिपके जाडे, इथे रेटिनाची भानगडच नाही. काळ्या पट्ट्या सोडून चित्र जवळजवळ एकवीस इंच रुंद, पावणेसोळा उंच.

पण स्कोअर गायब! बऱ्याच टीव्हींना जुनी सवय असते की बाहेरून आलेलं चित्र थोडं फुगवून कडा कापायच्या. टीव्हीच्याच मेनूत चित्राच्या आकाराखाली ‘जस्ट स्कॅन’ किंवा ‘स्क्रीन फिट’ असं काहीतरी असतं; ते केलं की कापलेली कड परत येते. टीव्हीत सापडलं नाही तर मॅकच्या डिस्प्ले सेटिंगमध्ये ‘अंडरस्कॅन’ची पट्टी मिळते, ती सरकवायची.

खुर्ची कुठे ठेवायची यावर दहा मिनिटं गेली. आठ फुटांवर पलंग, तिथून एकवीस इंचांचं चित्र डोळ्याला लॅपटॉपपेक्षा लहानच पडतं. मोठं दिसतं ते मनाला. हा हिशेब सोपा आहे: चित्राची रुंदी भागिले अंतर. दोन फुटांवरचा जुना बारा इंची मॉनिटर म्हणजे निम्मं. एकवीस इंच चार फुटांवर धरले तर साधारण तेवढंच येतं. आपाने टेपने चार फूट मोजले, फरशीवर खडूने रेघ मारली. अब्बांची लाकडी खुर्ची त्या रेघेवर. कीबोर्ड वेगळा हवा होता, तर जुन्या कॉम्प्युटरचा यूएसबी कीबोर्ड माळ्यावरून निघाला. त्याच अ‍ॅडॉप्टरला त्याचंही भोक होतं. त्याच्या बॉलिंगच्या कळांवरची अक्षरं अब्बांच्या बोटांनी कधीच पुसली गेली आहेत.

दोन गोष्टी मी भाच्याला बजावून आलो, तुम्हालाही सांगतो. विंडोजचे खेळ मॅकवर चालवण्याच्या नावाखाली ‘हे टर्मिनलमध्ये चिकटवा, पासवर्ड द्या’ म्हणणारे पुष्कळ भेटतात. ज्या ओळीचा अर्थ कळत नाही ती चिकटवायची नाही. त्या लॅपटॉपवर त्याचा अभ्यास, आपाच्या बँकेचे कागद आणि घरातले सगळे फोटो आहेत. दुसरं, फोडलेल्या खेळांच्या मागे लागायचं नाही. ज्याचं आहे त्याचा हक्क आहेच, शिवाय फुकटच्या त्या फाइलींमध्ये काय भरलेलं असतं ते आपल्याला दिसत नाही. आमच्याकडची क्रिकेटची सीडी मी स्वतः नगरच्या कापड बाजारातून विकत आणलेली, तिचं कव्हर अजून आहे.

खेळांसाठी मॅक घ्यावा का, असं वर्गात मुलं विचारतात. मी नाहीच म्हणतो. अ‍ॅपलने २०२३ मध्ये ‘गेम पोर्टिंग टूलकिट’ काढल्यापासून नवे खेळही चालायला लागलेत हे खरं, पण २०१९ पासून मॅकने जुने ३२ बिटचे प्रोग्राम घेणं बंद केलं आणि जुन्या चिपचे प्रोग्राम चालवणारा ‘रोझेटा’ हा भागही अ‍ॅपल पुढच्या काही आवृत्त्यांत आवरता घेणार आहे. जुन्या खेळांपुरता थोडा ठेवू असं म्हटलंय. दुभाष्याच्या भरवशावर चाललेला संसार आहे तो. मॅक अभ्यासासाठी आलेला असेल आणि घरात एखादा जुना खेळ जीव लावून बसलेला असेल, तरच एवढी खटपट.

आपाला मी एवढंच म्हटलं की दुसऱ्या डोळ्याची तारीख पुढे ढकलायची नाही. नजर ठीक आहे असा याचा अर्थ नाही. तिने मान डोलावली, पण तिचं लक्ष टीव्हीकडे होतं.

मगरिबला वीस मिनिटं होती. अब्बा रेघेवरच्या खुर्चीत बसले, झहीरच्या हातात बॉल दिला. पहिला बॉल वाइड. दुसरा सरळ पॅडवर. अब्बांनी हात वर करून अपील केलं, पडद्यावरच्या अंपायरने मान हलवली.

“एवढा मोठा करून ठेवला त्याला,” अब्बा भाच्याकडे न बघता म्हणाले, “पण आंधळाच ठेवलास.”